ऑक्लुजल एक्स-रे काढताना: आधी मान, मग ट्यूब

जेवायला बसलं की जबड्याखाली गोळा येतो आणि तासा-दोन तासात आपोआप उतरतो, असं सांगणारा पेशंट आला की लाळेचा खडा मनात धरून खालच्या जबड्याचा ऑक्लुजल (प्लेट दातांमधे आडवी धरून काढतात तो एक्स-रे) काढायचाच. थेट सीबीसीटीला (जबड्याच्या थ्रीडी स्कॅनला) पाठवायची घाई नको. लाळेच्या खड्यांपैकी साधारण 80 टक्के खडे सबमँडिब्युलर ग्लँड (जबड्याखालची लाळग्रंथी) आणि तिच्या डक्टमधे (नळीत) असतात, आणि डक्टच्या पुढच्या भागातला खडा या एका फोटोत स्वच्छ दिसतो. आयओपीएमधे (दोन-तीन दातांच्या नेहमीच्या छोट्या एक्स-रेत) तोच खडा मुळांवर चढलेला दिसतो, मग तो हाडात आहे की जिभेखाली हे काही कळत नाही. बाहेर-आत (गालाकडे की जिभेकडे), म्हणजे बकल-लिंग्वल ही दिशा दाखवणारा क्लिनिकमधला साधा एक्स-रे हाच, आणि तरी नवीन डॉक्टर मुलं तो काढायला कचरतात, म्हणून हे सविस्तर लिहितेय.

आधी प्लेट. मोठ्यांसाठी 4 नंबर, 57 बाय 76 मिमी, फिल्म किंवा पीएसपी प्लेट (एक्सपोजरनंतर स्कॅन करायची, परत परत वापरायची प्लेट). लहान मुलांना 2 नंबर पुरतो, 31 बाय 41 मिमी. आरव्हीजीचा (थेट कॉम्प्युटरवर फोटो देणाऱ्या डिजिटल एक्स-रेचा) सेन्सर पण बहुतेक याच साईजचा असतो, त्यावर मोठ्या माणसाचा पुढच्या दातांपुरता भाग येतो, मेसिओडेन्स (वरच्या पुढच्या दोन दातांमधला जास्तीचा दात) बघायला तेवढं चालतं पण अख्खा जबडा त्यात मावत नाही. पीएसपी असेल तर पाकिटाच्या दोन्ही बाजूंना पातळ पुठ्ठा लावा, कारण दातांचे वळ प्लेटवर एकदा उठले की ते पुढच्या प्रत्येक फोटोत दिसत राहतात. आणि एक्सपोजर झाल्यावर पाकीट फोडून प्लेट ट्यूबलाईटखाली ठेवून पेशंटशी गप्पा मारत बसू नका, उजेडाने इमेज पुसट होत जाते, लगेच स्कॅन करा.

वरच्या जबड्याचा सोपा आहे. पेशंट सरळ बसलेला, वरच्या दातांची पातळी जमिनीला समांतर, प्लेटची काम करणारी बाजू वर, लांब बाजू आडवी, आणि जाईल तेवढी मागे सरकवायची. मग "काका, नुसतं अलगद धरा, चावू नका". ट्यूब (एक्स-रे मशीनचं डोकं) वरून खाली 65 अंशात, नाकाच्या दांड्यावरून प्लेटच्या मध्यावर. लहान मुलाला 60. मुलांना मी सांगते की बिस्कीट न तोडता दातात धरतोस ना, तसं धर. एवढ्यावर बहुतेक मुलं ऐकतात. नाहीच ऐकलं तर आई किंवा बाबा लेड एप्रन घालून धरतील (आई प्रेग्नंट नाही ना, हे आधी विचारा), पण आपण किंवा असिस्टंटने धरायचं नाही, रोजचं काम आहे ते.

या वरच्या फोटोत किरण खाली थायरॉइडच्या दिशेने येतात त्यामुळे थायरॉइड कॉलर घालाच.

आता खालचा, खरी कसरत इथे आहे. खालच्या जबड्याचा ट्रू ऑक्लुजल म्हणजे किरण प्लेटवर 90 अंशात पडले पाहिजेत, आणि ते हनुवटीच्या खालून येतात, म्हणून पेशंटची मान मागे गेल्याशिवाय हे जमतच नाही. बहुतेक वेळा बिघडतं ते इथेच, सगळे ट्यूबशी झटापट करत बसतात आणि मान तशीच राहते. आधी चेअर मागे न्या, पार आडवी झाली तरी चालेल, हेडरेस्ट थोडा खाली पाडा, म्हणजे नाकपुडीच्या बाजूपासून कानाच्या भोकापुढच्या उंचवट्यापर्यंतची रेघ जमिनीला जवळजवळ काटकोनात येते. प्लेट आता उभी झाली, काम करणारी बाजू खालच्या दातांकडे. ट्यूब पेशंटच्या छातीवरून आडवी, हनुवटीच्या साधारण 3 सेंमी खाली, मधोमध. स्पाँडिलायटिसवाल्या काकूंना मान मागे न्यायला सांगू नका, चेअरच आडवी करा, मानेचं काम चेअर करते.

नौपाड्यात आमच्यासारखी जी छोटी क्लिनिकं आहेत तिथे भिंतीवरचा ट्यूबचा आर्म पार्किंग पोझिशनमधून छातीपर्यंत पोचतच नाही, कारण मधे चेअरचा ट्रे आणि लाईट येतो. ट्रे बाजूला, लाईट वर, आणि पेशंट आडवा करायच्या आधीच आर्म पुढे ओढून ठेवायचा, हा क्रम असिस्टंटला शिकवून ठेवा. पेशंट मान मागे टाकून तोंडात प्लेट धरून पडलाय आणि आपण आर्म सोडवतोय असं होता कामा नये, त्याच्या तोंडात लाळ जमते, तो गिळतो, प्लेट हलते. या पोझिशनमधे कॉलर वर सरकून किरणांच्या वाटेत येते आणि फोटोत पांढरा पट्टा उमटतो, तेव्हा ती नीट खाली दाबून बसवा.

खडा शोधत असाल तर एक्सपोजर नेहमीच्या निम्म्यावर आणा. खडे पुष्कळदा कमी कॅल्शियमचे असतात, पूर्ण एक्सपोजरला ते जळून जातात आणि आपण "काही नाही" लिहून मोकळे होतो.

फोटो आला की पहिलं दातांकडे बघा. दात वरून बघितल्यासारखे गोल दिसले आणि बाहेरचा-आतला कॉर्टेक्स (हाडाचा कडक थर) दोन बारीक रेघांसारखा दिसला तर जमलं. मुळं लांबट पसरलेली दिसली तर मान कमी गेली, परत काढायचा असेल तर ट्यूब नाही, चेअर बदला. कोपरे कापले गेले तर घाबरू नका, ट्यूबच्या पुढच्या गोल नळीतून येणारा बीम साधारण 7 सेंमीचा, 4 नंबरच्या प्लेटचे कोपरे त्यात बसत नाहीत, हवा तो भाग आलाय ना एवढं बघा. आयताकृती कोलिमेटर (बीम आयताकृती करणारी चौकट) लावलेला असेल तर तो मात्र आधी काढा.

हाडात अडकलेला वरचा सुळा कुठल्या बाजूला आहे हे बघायला एक फार कामाची युक्ती आहे. पोरगं स्टेशनजवळच्या सेंटरमधून ओपीजी (दोन्ही जबड्यांचा एकत्र मोठा एक्स-रे) काढून आलं असेल तर वर फक्त एक ऑक्लुजल काढा आणि दोन्ही शेजारी ठेवा. ओपीजीत किरण किंचित खालून येतात, ऑक्लुजलमधे वरून, म्हणजे ट्यूब वर गेली. सुळ्याचं टोक शेजारच्या मुळाच्या तुलनेत ट्यूबबरोबर वर सरकलं तर तो टाळूच्या बाजूला, उलट खाली आलं तर ओठाच्या बाजूला.

आणि खड्याचा फोटो कोरा आला तरी खडा नाही असं पेशंटला सांगू नका. सबमँडिब्युलरचे साधारण 20 टक्के खडे एक्स-रेत दिसत नाहीत. ग्लँडच्या तोंडाशी, मागे असलेला खडा मधोमध काढलेल्या फोटोत निसटतो, त्यासाठी प्लेट त्या बाजूला सरकवून, डोकं दुसऱ्या बाजूला वळवून, जबड्याच्या कोपऱ्याच्या खालून-मागून वर-पुढे ट्यूब लावून एक काढा. तोही कोरा आला आणि जेवताना सूज येतेच आहे तर सोनोग्राफीला पाठवा, आणि चिठ्ठीवर "जेवताना सूज, कुठल्या बाजूला, किती दिवस" एवढं नक्की लिहा, रेडिओलॉजिस्टला त्याचा फार उपयोग होतो.