माहितीपटात काम करायचंय? आधी हात तयार करा

कॉलेजची तीन वर्षं माझी पुण्यातल्या पुरुषोत्तम करंडक एकांकिका स्पर्धेच्या तालमींत गेली. भरत नाट्य मंदिरात शेवटच्या रांगेपर्यंत आवाज पोचला पाहिजे, एवढंच अंगात मुरलं होतं. पहिला माहितीपट मिळाला तो तांब्याची भांडी घडवणाऱ्यांच्या तांबट आळीवरचा. त्यात पेशवाईतल्या कारागिराचे प्रसंग मी उभे करायचे होते, संवाद एकही नाही. मी चेहऱ्यावर कष्ट आणून जोरजोरात हातोडा मारत होतो. दिग्दर्शिकेने मॉनिटर दाखवला. फ्रेममध्ये चेहरा नव्हताच, नुसते हात होते, आणि ते खोटे दिसत होते.

मग आठ दिवस कसबा पेठेतल्या त्याच आळीत एका कारागीर काकांशेजारी जाऊन बसलो. मठारकाम म्हणजे तांब्याच्या भांड्यावर ओळीने ठोके देत जाणं. त्याने पत्रा कणखर होतो आणि भांड्याला झळाळी येते. काका म्हणाले, "दाबतोस कशाला? पडू दे की हातोडा. भांडं फिरव." हातोडा एकाच जागी पडतो, डावा हात भांडं जरासं सरकवत राहतो. हे जमलं तसे माझे खांदे सैल झाले. पुढच्या शूटला मी फक्त ठोके मोजत होतो. फिल्ममध्ये तोच टेक आहे.

म्हणून नवीन मुलांना सांगतो, भूमिका मिळाली की आधी त्या माणसाचं काम शिका. जातं असो, माग असो, नांगर असो. माहितीपटात खऱ्या माणसांच्या मुलाखतींना लागूनच आपला प्रसंग येतो, त्यामुळे तिथे नाटकीपणा लगेच उघडा पडतो.

कामं बहुतेक ओळखीतून मिळतात. लॉ कॉलेज रोडला एफटीआयआय या फिल्म शिकवणाऱ्या संस्थेच्या विद्यार्थ्यांच्या फिल्म्स होतात, तिथे ओळखी वाढवा. फिल्म अर्काइव्हला, म्हणजे चित्रपटांच्या सरकारी संग्रहालयात, माहितीपट दाखवतात तेव्हा आवर्जून जा. आवाज चांगला असेल तर निवेदनही करा, तो मोठा आधार असतो.

पैशांचं मात्र आधीच बोला. एका निर्मात्याने "फिल्म झाली की कॉपी देतो" म्हटलं, मी विश्वास ठेवला. फिल्म महोत्सवांत फिरली, माझ्याकडे आजही दाखवायला एक क्लिप नाही. आता मानधन, येण्याजाण्याचा खर्च, श्रेयनामावलीतलं नाव आणि माझ्या प्रसंगांची क्लिप कधी मिळणार, हे सगळं मी शूटच्या आधी व्हॉट्सॲपवर लिहून पाठवतो आणि समोरून "हो" आल्यावरच तारीख देतो.