गूढ अक्षरांचा कोड सोडवताय? आधी या चुका टाळा

अक्षरांची लांबलचक माळ हाती लागली, ना स्पेस ना अर्थ, की पोरं ती लगेच ऑनलाइन डिकोडरमध्ये टाकून मोकळी. अरे आधी नीट बघा तरी!

सगळ्यात जास्त घोळ उतरवून घेताना होतो. एका कॉलेजच्या ट्रेझर हंटमध्ये विजनेर सायफर होता, म्हणजे एका गुप्त शब्दाची अक्षरं ओळीने पुन्हा पुन्हा लावून मजकुराचं एकेक अक्षर पुढे सरकवायचं. त्या गुप्त शब्दाला 'की' (key) म्हणतात, ती होती 'सिंहगड', रोमन स्पेलिंगमध्ये, आणि ती टीमला सापडलीसुद्धा. अर्धा मजकूर मस्त सुटला, पुढे नुसता कचरा. मग म्हणे इथून दुसरी की सुरू होते, आणि रात्रभर एकेका किल्ल्याचं नाव घालून बघत बसले. मी म्हटलं मूळ कागदाचा फोटो पाठवा, तर त्यात लागोपाठ दोन एल, टाइप करणाऱ्याने एकच घेतलेला. विजनेरमध्ये एखादं अक्षर चुकलं तर तेवढंच बिघडतं, पण गळलं तर तिथून पुढचं सगळं सरकतं. त्यामुळे मधूनच कचरा सुरू झाला की आधी अक्षरं मोजा, नवी थिअरी नंतर.

सीआयएच्या लँगलीतल्या मुख्यालयात १९९० पासून उभं असलेलं जिम सॅनबॉर्नचं क्रिप्टोस शिल्प घ्या, त्यावर कोडमधला मजकूर कोरलाय. त्याच्या दुसऱ्या भागाच्या शेवटी लोक वर्षानुवर्षं 'आयडी बाय रोज' (ID BY ROWS) वाचत होते, २००६ मध्ये सॅनबॉर्ननेच सांगितलं की एक एस गाळलाय, तो घातल्यावर निघालं 'एक्स लेयर टू' (X LAYER TWO). म्हणजे चुकीचं उत्तरही अर्थ लागल्यासारखं दिसतं, बोला आता!

मी चौकटीच्या वहीत पेन्सिलने पाच-पाचचे गट पाडतो आणि घरातल्या कुणालातरी मोठ्याने वाचायला लावून ताडून बघतो. वेळ जातो, जाऊ दे.

लहान-मोठी अक्षरं, आकडे आणि शेवटी बरोबरची चिन्हं दिसली तर ते बहुतेक बेस सिक्स्टी-फोर (Base64), म्हणजे कॉम्प्युटरवरचा मजकूर दुसऱ्या अक्षरांत लिहायची उघड पद्धत, त्याला की शोधत बसू नका.

मजकूर इंग्रजीच असेल हे कुणी सांगितलं? इंग्रजीत 'ई' (E) सगळ्यात जास्त येतो, पण रोमनमधलं मराठी असलं तर त्याच्या जागी 'ए'चा (A) पूर येतो.

आणि चार शब्दांएवढ्या तुकड्यावरून 'सुटला सुटला' म्हणून नाचू नका. ॲडलेडजवळच्या सॉमर्टन बीचवर १९४८ मध्ये सापडलेल्या मृत माणसाच्या प्रकरणातली अक्षरं जेमतेम पन्नासच्या आसपास, ऑस्ट्रेलियाच्या संरक्षण खात्याने १९७८ मध्ये सांगून टाकलं की एवढ्यावरून समाधानकारक उत्तर देता येणार नाही, तरी दर थोड्या दिवसांनी कुणीतरी ती आद्याक्षरं समजून मनासारखं वाक्य बसवतो. मला उत्तर पाठवायचं तर तीच पद्धत पुढच्या ओळीला लावून दाखवा, नाहीतर पाठवू नका.