भरतीची तक्रार टेबलावर आली की: आस्थापना शाखेतल्या नव्या सहकाऱ्यांसाठी

निवड यादी लागली की आठवड्याच्या आत तक्रार अर्ज येतातच. कुणाचं नाव एक-दोन गुणांनी हुकलेलं असतं आणि अर्जात निवड झालेल्या एखाद्यावर आरोप असतो. या टेबलावर मी बरीच वर्षं काढली. तक्रारदार फेऱ्या मारतो, फोन करतो, वरून फोन आणवतो. ज्याची नोकरी त्या अर्जापायी जाऊ शकते, त्याला मात्र बऱ्याचदा अर्ज आल्याचाही पत्ता नसतो. नस्तीत, म्हणजे फाईलमध्ये, त्याची बाजू यावी ही जबाबदारी आपली.

एका अर्जात म्हटलं होतं की निवड झालेल्या बाईंचं अनुभव प्रमाणपत्र अर्ज भरायच्या शेवटच्या तारखेनंतरचं आहे. काढून पाहिलं तर तारीख खरंच नंतरची. ‘उमेदवार अपात्र, निवड रद्द करावी’ अशी टिपणीही तयार झाली होती. ती थांबवून तक्रारीची प्रत बाईंना पाठवली आणि लेखी म्हणणं मागवलं. उत्तर आलं: कागदपत्र पडताळणीच्या वेळी आपल्याच कार्यालयाने ठरावीक नमुन्यात नवं प्रमाणपत्र आणायला लावलं होतं, जुनं अर्जासोबत जोडलेलं आहे. गठ्ठा सोडला, तर जुनं प्रमाणपत्र खरोखरच त्यात होतं आणि तारखेत बसत होतं.

म्हणून ‘आपणाविरुद्ध तक्रार प्राप्त झाली असून खुलासा सादर करावा’ एवढ्या एका ओळीवर नोटीस उरकू नका. कुठला कागद, त्यात काय खटकतं, जाहिरातीतल्या कुठल्या अटीत बसत नाही, ते लिहा आणि कागदाची प्रत जोडा. आज नोटीस आणि उद्या सकाळी सुनावणी, हा तर निव्वळ देखावा.

तक्रार तपासायला कुणाकडे द्यायची? सवयीने ती पुन्हा त्याच निवड समितीकडे जाते. तसं करू नका. समितीकडून अभिप्राय जरूर घ्या, पण निर्णय दुसऱ्या अधिकाऱ्याकडे ठेवा. सर्वोच्च न्यायालयाचा १९६९ चा क्रायपाक निकाल नव्या माणसाने एकदा वाचावाच. भारतीय वनसेवेच्या निवडीत जम्मू-काश्मीरचे प्रभारी मुख्य वनसंरक्षक स्वतः उमेदवार होते आणि निवड मंडळावरही होते. स्वतःच्या नावाची चर्चा झाली तेव्हा ते बाहेर थांबले, प्रतिस्पर्ध्यांच्या नावांच्या वेळी मात्र आत होते, आणि यादीत त्यांचंच नाव सर्वात वर आलं. निवड रद्द झाली. पक्षपात झाल्याचा पुरावा लागत नाही, त्याची वाजवी शक्यता पुरेशी होते; नुसता संशय मात्र पुरत नाही.

उत्तर लिहिताना ‘तक्रारीत तथ्य आढळून येत नाही, सबब अर्ज दप्तरी दाखल’ हा आपला लाडका मसुदा. त्यात कारण कुठे आहे? मोहिंदरसिंग गिल प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं आहे की आदेश त्यातल्या कारणांवरच टिकतो, नंतर शपथपत्रात नवी कारणं जोडून तो सावरता येत नाही. मॅटमध्ये, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, सरकारी वकील आपल्याकडे बघतात तेव्हा हे नीट कळतं.

आणि अर्ज नुसता दाबून ठेवला तरी तो संपत नाही. प्रशासकीय न्यायाधिकरण कायद्याच्या कलम २१ प्रमाणे निवेदनावर सहा महिन्यांत निर्णय झाला नाही, तर त्यानंतर एक वर्षापर्यंत तक्रारदार न्यायाधिकरणात जाऊ शकतो.

तक्रारदार बहुतेक वेळा माहिती अधिकाराचा अर्जही टाकतो. निवड झालेल्याची गोपनीय कागदपत्रं मागितली असतील आणि ती द्यायचा विचार असेल, तर कलम ११ खाली त्याला आधी कळवा. म्हणणं मांडायला त्याला दहा दिवस मिळतात.

अंतिम उत्तराची एक प्रत निवड झालेल्या उमेदवारालाही पाठवा. खुलासा घेतल्यावर पुढे काय झालं, हे त्याला सहसा कुणी कळवतच नाही.