कालविद्येत नादशाखा घ्यायची म्हणताय?

कालविद्येच्या, म्हणजे काळावरच्या जादूच्या, पहिल्या वर्षाअखेर शाखा निवडावी लागते. नादशाखेकडे वळणाऱ्या बहुतेकांचा समज असा, की गळा चांगला आहे, मंत्र खणखणीत म्हणता येतो, म्हणजे झालं. इतकी वर्षं या शाखेत काढल्यावर सांगतो, गळ्याचा इथे फारसा संबंध नाही. माझे काही उत्तम सहकारी साफ बेसूर आहेत.

छायाशाखेतली मंडळी क्षण गोठवून दाखवतात आणि भाव खातात. आपल्याला ते कधीच जमणार नाही. हवेचा दाब सतत खालीवर होत राहिला तरच आवाज; तो गोठला की आवाजच उरत नाही. म्हणून आपण क्षण थांबवत नाही, त्याचं मावळणं लांबवतो. टाळी संपते, पण तिचा निनाद खोलीत रेंगाळतो, आणि तो रेंगाळतोय तोवर टाळीचा क्षण उघडा असतो. या रेंगाळण्याला आमच्यात 'शेपूट' म्हणतात. सगळी विद्या त्या शेपटात करायची.

शेपूट किती लांब, हे तुमच्या हातात नसून खोलीच्या हातात असतं. त्यामुळे सुरुवातीला मंत्र कमी, खोल्याच जास्त शिकवतात. इथे वॉलेस सॅबिन या भौतिकशास्त्रज्ञाचं काम नीट वाचा. जादूचा गंधही नसलेल्या या माणसाने आमच्या कित्येक आचार्यांपेक्षा जास्त शिकवलं आहे. १८९५ मध्ये हार्वर्डच्या फॉग संग्रहालयातलं एक व्याख्यानगृह त्याच्या गळ्यात पडलं. तिथे बोललेला शब्द रिकाम्या सभागृहात साडेपाच सेकंदांहून जास्त घुमायचा, वक्त्याचं काही कळायचं नाही. सॅबिनने रात्री सगळीकडे सामसूम झाल्यावर जवळच्या नाट्यगृहातल्या गाद्या आणून पसरल्या, ऑर्गनची नळी वाजवली आणि आवाज विरायला किती वेळ लागतो ते स्टॉपवॉचवर मोजलं. गाद्या वाढत गेल्या तसं शेपूट साधारण एका सेकंदावर आलं. खोलीचं घनफळ जितकं मोठं तितका निनाद लांब, आवाज शोषणारं सामान जितकं जास्त तितका आखूड, हे त्याचं सूत्र. शोषण मोजायला त्याने पुढे उघडी खिडकी हे एकक धरलं, कारण तिच्यातून गेलेला आवाज परत येत नाही.

कामाला लावायचं तर, खिडक्या बंद करा आणि बघ्यांना बाहेर काढा. माणसं गाद्यांसारखाच आवाज पितात. भरल्या सभेत प्रयोग करून दाखवा म्हणणाऱ्या यजमानाला सरळ नकार द्या.

हवामानाचं थोडक्यात सांगतो. २० अंश सेल्सिअसला आवाज सेकंदाला सुमारे ३४३ मीटर जातो, शून्याला ३३१. थंडीत तोच मंत्र किंचित उशिरा पोहोचतो. वहीत तापमान लिहिलं नसेल तर ती नोंद आम्ही वाचतही नाही.

आता नादकाट्याबद्दल, म्हणजे ठोकला की ठरावीक वेगाने कंप पावणाऱ्या दोन पात्यांच्या चिमट्याबद्दल, कारण नवे लोक हा विषय कंटाळवाणा म्हणून टाळतात. १८६० मध्ये स्कॉट द मार्तेंव्हिल या फ्रेंच माणसाने काजळी धरलेल्या कागदावर गाण्याच्या लहरी उमटवल्या. त्या नुसत्या बघण्यासाठी होत्या, परत वाजवण्याचा त्याचा विचार नव्हता. २००८ मध्ये संशोधकांनी त्या रेघांमधून आवाज काढला, तेव्हा एखादी मुलगी गातेय असं वाटलं. सुदैवाने स्कॉटने गाण्याशेजारीच नादकाट्याची रेघही उमटवून ठेवली होती. संशोधकांनी तिचा वेग सेकंदाला ५०० कंपनं धरला होता. पण त्या काळी फ्रान्समध्ये अर्धं कंपन एक म्हणून मोजत, म्हणजे खरे २५० हर्ट्झ. वेग निम्मा केल्यावर पुरुषाचा आवाज निघाला, बहुधा स्वतः स्कॉटचाच. काळ किती वेगाने उलगडायचा हे आवाज स्वतः सांगत नाही, शेजारी साक्षीदार लागतो. प्रत्येक प्रयोगाला काटा वाजवा, आणि त्याच्यावर कोरलेल्या आकड्याचं एकक विचारून घ्या.

कमाईचं विचाराल तर पोट भरतं, त्याहून फार नाही. बरीचशी कामं गेलेल्या माणसाचा आवाज ऐकवा अशीच असतात. शेपूट काही सेकंदांचं, माणूस जाऊन वर्षं लोटलेली. हे न चिडता समजावणं हाच निम्मा व्यवसाय आहे. कुणी जुनं मडकं घेऊन येतं, चाकावरच्या रेघांत कुंभाराचं बोलणं साठलंय म्हणून. कल्पना फार मोहक आहे, पण तसं बोलणं आजवर कुणाला मिळालेलं नाही. आगाऊ रक्कम घेऊ नका.

कान जपा. ८५ डेसिबलच्या आवाजात आठ तासांहून जास्त राहणं धोक्याचं मानतात, आणि घंटाघरातलं काम त्याच्या कितीतरी वर जातं. आतल्या कानातल्या केसपेशी एकदा मेल्या की पुन्हा उगवत नाहीत, आणि त्यावर कालविद्येतही उपाय नाही. तिथे कानात बोळे न घालणारे वरिष्ठ दिसतील. त्यांच्याशी बोलताना ओरडावं लागतं.

प्रवेशाच्या तोंडी परीक्षेत डोळे बांधून एका खोलीत सोडतात आणि एका टाळीवर खोलीचा अंदाज विचारतात. तयारी मोकळ्या मैदानात, एकाच भिंतीसमोर सुरू करा. टाळी वाजवत मागे सरका. साधारण १७ मीटरवर प्रतिध्वनी स्वच्छ वेगळा ऐकू येतो, कारण जाऊन येऊन ३४ मीटर म्हणजे सेकंदाचा दहावा भाग. तिथून हळूहळू भिंतीकडे या आणि तो टाळीत कुठे मिसळतो ते ओळखा. मग बंद खोल्या, आधी रिकाम्या, नंतर सामानाच्या. परीक्षेत एक परीक्षक मुद्दाम जाड लोकरी कोट घालून कोपऱ्यात गप्प उभा असतो. खोलीच्या हिशेबात त्यालाही धरा.