घटस्फोटानंतर नाव बदलताना: बडोद्यातल्या मराठी बायकांसाठी कागदांचा क्रम

घटस्फोट झाला म्हणजे नाव आपोआप माहेरचं होत नाही. कोर्ट लग्न मोडतं, नावाला हात लावत नाही. सासरचंच नाव पुढे लावायचं असेल तर खुशाल लावा, बदलण्याची कायद्याने सक्ती नाही. नोकरीत आणि मुलांच्या शाळेत तेच रुळलं असेल तर ते ठेवण्यात कसला कमीपणाही नाही.

पण बदलायचंच ठरलं असेल तर एक नियम आधी समजून घ्या. आधारमध्ये नाव आयुष्यात दोनदाच बदलता येतं. लग्नानंतर एकदा बदललं असेल, तर तुमच्या हातात आता एकच संधी आहे. तिसऱ्यांदा बदलायला वेगळी परवानगी लागते, त्यात राजपत्र (सरकारी गॅझेटमध्ये छापलेली नावबदलाची नोंद) मागतात आणि महिने जातात. म्हणून आधी मायआधार पोर्टलवर जाऊन ‘अपडेट हिस्टरी’ उघडा. तुमच्या नावात आजवर किती वेळा फेरफार झाला ते तिथे दिसतं. कधीकाळी स्पेलिंगची दुरुस्ती केली असेल तर तीही मोजलेली असते, आणि नेमकं हेच बऱ्याच जणी विसरतात.

आधारच्या खिडकीवर जाण्याआधी एका कोऱ्या कागदावर नवं नाव गुजरातीत आणि इंग्रजीत लिहून काढा. हे काम वाटतं तेवढं सोपं नाही. आपल्याकडे लग्नात आडनावाबरोबर मधलं नावही बदलतं, वडिलांच्या जागी नवरा येतो. तांदळाच्या ताटात अंगठीने नवं नाव लिहिलेलं असेल तर पहिलं नावसुद्धा बदललेलं असतं. समजा माहेरची ज्योती वसंत जोगळेकर लग्नानंतर अनघा हेमंत सबनीस झाली. तिला नावाचे तिन्ही तुकडे परत फिरवायचे आहेत. ज्योती हेमंत सबनीसला दोनच.

त्यात बडोद्याच्या कागदांची आपली एक तऱ्हा आहे. इथल्या शाळेच्या दाखल्यावर बहुतेक वेळा आडनाव आधी येतं: जोगळेकर ज्योती वसंत. शिवाय गुजराती लिहिणारा कारकून सवयीने ‘बेन’ जोडतो, मग कुठे ज्योती, कुठे ज्योतीबेन. ‘ळ’चा ‘ल’ होतो. इंग्रजीत जोगळेकरमध्ये ‘जी’नंतर ‘ए’ आहे की नाही, यावरही दोन कागदांत मतभेद निघतात. ‘बेन’ तर कुठल्याच नव्या कागदावर येऊ देऊ नका. संगणकाला ते नावाचंच अक्षर वाटतं आणि पॅनशी जुळणी फसते. स्पेलिंग दहावीच्या गुणपत्रिकेवरचं धरा, कारण ती बदलणं सगळ्यांत अवघड असतं. क्रम नाव, वडील, आडनाव असा ठेवा आणि नंतर कुठेही तो मोडू नका.

मग येतो कोर्टाचा कागद. खिडकीवर निकालपत्र आणि डिक्री (निकालावरून निघालेला कोर्टाचा हुकूमनामा), दोन्ही लागतात, आणि त्यांच्या साध्या झेरॉक्सवर भागत नाही, सर्टिफाइड कॉपी हवी. हिंदू विवाह कायद्याच्या कलम २३(४) प्रमाणे घटस्फोटाच्या डिक्रीची एक प्रत दोन्ही पक्षांना मोफत द्यायची असते. ती मागून घ्या. वर फी भरून आणखी तीन प्रती एकदमच काढा, कारण नंतर एकेक प्रतीसाठी पुन्हा अर्ज आणि पुन्हा खेपा होतात. सर्टिफाइड प्रत कुठेही जमा करायची नाही. दाखवायची, सही केलेली झेरॉक्स द्यायची आणि प्रत परत पिशवीत टाकायची.

घटस्फोटाचा अर्ज अजून कोर्टात असेल तर तुमचं नशीब बरं. वकिलांना सांगा की अर्जाच्या शीर्षकातच दोन्ही नावं येऊ द्या: ‘अनघा हेमंत सबनीस उर्फ ज्योती वसंत जोगळेकर’. तसंच संमतीने घटस्फोट असेल तर अटींमध्ये एक ओळ घालून घ्या की पत्नी यापुढे माहेरचं नाव लावेल. एवढ्याने पुढचं निम्मं काम होतं, कारण जुनं आणि नवं नाव एकाच माणसाचं आहे हे त्या एकाच कागदाने सिद्ध होतं.

डिक्री होऊन गेली असेल आणि तिच्यात फक्त सासरचं नाव असेल, तर लग्न नोंदणीचा दाखला शोधा. त्यावर वधूचं माहेरचं नाव असतं, त्यामुळे दाखला आणि डिक्री जोडून साखळी पुरी होते. डिक्रीत नावाची टायपिंगची चूक असेल तर नोटरीच्या प्रतिज्ञापत्राने ती झाकू नका. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम १५२ खाली त्याच कोर्टात दुरुस्तीचा अर्ज द्या. एका अक्षराची चूक चार कार्यालयांत चार वेळा अडवते.

आणि स्टँपवर लिहून, पंचांसमोर किंवा जातीच्या मंडळीत झालेली फारगती खिडकीवर चालत नाही. त्या घटस्फोटाची कोर्टाकडून घोषणा घेतल्याशिवाय पुढचं काहीच सुरू होणार नाही. वर्षानुवर्षं तो कागद जपून ठेवलेल्या बायकांना हे ऐकताना फार लागतं. तरी आधार केंद्रावर ऐकण्यापेक्षा ते आधीच कळलेलं बरं.

राजपत्र सगळ्यांनाच लागतं असं नाही. मधलं नाव आणि आडनाव बदलायचं असेल आणि साखळी पक्की असेल तर डिक्रीवर काम होतं. पहिलं नाव बदलायचं असेल तर मात्र राजपत्राशिवाय सुटका नाही, कारण अनघाची ज्योती का झाली याचं उत्तर डिक्रीत नसतं. लग्नाची नोंदणीच झाली नसेल तेव्हाही राजपत्रच उपयोगी पडतं. ते गुजरात सरकारच्या राजपत्रात छापून येतं. अर्जासोबत प्रतिज्ञापत्र (इथे त्याला सोगंदनामुं म्हणतात), जुन्या नावाचा पुरावा, डिक्री आणि फोटो लागतात. प्रतिज्ञापत्रासाठी छापील स्टँप पेपर शोधत फिरू नका, गुजरातमध्ये आता ई-स्टँप किंवा फ्रँकिंगच चालतं. जुन्या नावाची जितकी रूपं कागदांवर आहेत, ‘बेन’वालं धरून, ती सगळी ‘उर्फ’ लावून लिहा. जे रूप राजपत्रात आलं नाही, त्याच्यासाठी पुढे वेगळं प्रतिज्ञापत्र करावं लागतं. छापण्याआधी मजकूर अक्षरागणिक वाचा. छापून आल्यावर चूक सापडली तर नवा अर्ज करावा लागतो. आणि फॉर्ममध्ये ‘अटक’ असा रकाना दिसला तर बिचकू नका, गुजरातीत अटक म्हणजे आडनाव.

आता आधार. नाव बदलायला आधार सेवा केंद्रात किंवा पोस्ट-बँकेतल्या नोंदणी केंद्रात स्वतः जा, शक्य असेल तिथे आधी वेळ घेऊन. ऑक्टोबर २०२५ पासून या बदलाला ७५ रुपये पडतात. डिक्रीची सर्टिफाइड प्रत, जुन्या नावाचा, फोटो असलेला पुरावा, आणि लागत असेल तर राजपत्र न्या. तुमचा तो नाव लिहिलेला कागदही सोबत घ्या, कारण खरी चूक इथेच होते. ऑपरेटर इंग्रजीत नाव टाइप करतो आणि गुजराती नाव संगणक स्वतः बनवतो. जोगळेकरचं जोगलेकर तिथेच होतं. दुसरा स्क्रीन तुमच्याकडे वळवायला सांगा, दोन्ही लिप्या कागदाशी ताडून पाहा आणि पावतीवर सही करण्याआधी पुन्हा वाचा. मागे रांग असते, घाई केली जाते. तरी वाचा. ही तुमची शेवटची संधी असू शकते आणि त्या दोन मिनिटांवर तुमचा हक्क आहे.

नवऱ्याचं नाव आधारवर ‘केअर ऑफ’ म्हणून आलेलं असतं, ते पत्त्याचा भाग मानतात. नाव बदललं म्हणून ते निघत नाही. पत्ता बदलताना वेगळं सांगून ते काढून घ्या किंवा तिथे वडिलांचं अथवा आईचं नाव घाला. पावतीवरच्या क्रमांकावरून अर्जाची स्थिती कळते, बदलाला ३० दिवसांपर्यंत लागू शकतात. अडलं तर १९४७ वर फोन करा.

आधार हातात आल्याशिवाय पॅनला हात लावू नका. पॅनवर नवऱ्याचं नाव कधीच छापलेलं नसतं, तिथे वडील किंवा आई असते, त्यामुळे बदल फक्त तुमच्या नावाचा. क्रमांक तोच राहतो. ‘पॅन माहितीत बदल’ असाच अर्ज भरा. नवीन पॅनचा अर्ज चुकून भरला तर दोन पॅन होतील आणि ते दंडाला पात्र आहे. छापील कार्डाला १०७ रुपये लागतात. आधारच्या आधारे ऑनलाइन अर्ज करत असाल तर नाव अक्षरशः आधारसारखं हवं. पहिल्या नावाच्या आणि आडनावाच्या रकान्यात आद्याक्षरं चालत नाहीत, पूर्ण नावं लिहा.

पॅन बदललं की त्याच आठवड्यात बँक करा. मधला काळ लांबला तर प्राप्तिकराचा परतावा अडकतो, कारण खात्यावरचं आणि पॅनवरचं नाव जुळत नाही. म्युच्युअल फंडांची केवायसीही याच कारणाने थांबते. म्हणून जुलैत, विवरणपत्र भरायच्या दिवसांत, हे काम काढू नका. पोटगीचा किंवा एकरकमी तडजोडीचा धनादेश जुन्या नावाने यायचा असेल तर तो वटेपर्यंत बँकेतलं नाव तसंच ठेवा. हे विसरल्यामुळे धनादेश परत जातो, आणि समोरच्याकडून पुन्हा लिहून घेणं किती जिवावर येतं ते वेगळं सांगायला नको. बँकेत नव्या सहीचा नमुना द्या, नवं चेकबुक आणि कार्ड मागा. संयुक्त खातं असेल तर त्यातून नाव काढणं ही वेगळी कार्यवाही आहे, नावबदलाच्या अर्जात ती होत नाही.

त्याच फेरीत नॉमिनीचं पाहून घ्या. घटस्फोट झाला म्हणून बँक, विमा, भविष्यनिर्वाह निधी यांतलं नॉमिनी म्हणून नवऱ्याचं नाव आपोआप निघेल असं धरून चालू नका. खात्यागणिक फॉर्म भरा आणि पोच घ्या. आमच्या मते नावबदलापेक्षाही हे जास्त निकडीचं आहे. नाव बदलायचं नसलं तरीही एवढं कराच.

पासपोर्टवर अजून माहेरचंच नाव असेल आणि मुदत चालू असेल तर तो सोन्यासारखा पुरावा आहे, आधारसाठी तोच पुढे करा. सासरचं नाव असेल तर ‘रीइश्यू’चा अर्ज करून ‘वैयक्तिक माहितीत बदल’ हे कारण निवडा. ३६ पानी पासपोर्टला १५०० रुपये, तत्काळ हवा असेल तर वर २००० रुपये. बडोद्यात पासपोर्ट सेवा केंद्र आहे, ते अहमदाबादच्या प्रादेशिक कार्यालयाखाली येतं. घटस्फोटितांना अर्जात जोडीदाराचं नाव लिहावं लागत नाही, हा नियम डिसेंबर २०१६ पासूनचा. पण आडनाव बदलायचं असेल तर डिक्री न्यावीच लागते. जुन्या पासपोर्टवर चालू व्हिसा असेल तर दोन्ही पासपोर्ट जोडीने बाळगा. तिकीट काढून ठेवलेलं असेल तर प्रवास होईपर्यंत अर्ज थांबवा.

उरलेली कामं सोपी आहेत. मतदार यादीसाठी फॉर्म ८, फुकट. त्यात नातेवाईक म्हणून नवऱ्याऐवजी वडिलांचं किंवा आईचं नाव घालून घ्या. लायसन्स सारथी पोर्टलवरून. रेशनकार्डात आधी सासरच्या कार्डातून ‘नाम कमी’ करावं लागतं आणि तो दाखला मिळाल्यावरच माहेरच्या कार्डात किंवा नव्या कार्डात नाव चढतं. सासरचे सहकार्य करत नसतील तर डिक्रीची प्रत लावून स्वतः अर्ज द्या. घराचा दस्तऐवज बदलायला जाऊ नका. पुढे विक्री झालीच तर त्या दस्तात ‘पूर्वाश्रमीच्या’ असं लिहून जुनं नाव घालतात.

कोर्टाचे निकाल बडोद्यात गुजरातीत असू शकतात. नोकरी किंवा बँक पुण्या-मुंबईची असेल, किंवा परदेशी जायचं असेल, तर डिक्रीचं इंग्रजी भाषांतर नोटरी करून आधीच तयार ठेवा. भाषांतरातही स्पेलिंग तुमच्या त्या कागदावरचंच आलं आहे ना, ते पाहा.

मुलांच्या जन्मदाखल्यावर आईचं नाव जन्माच्या वेळचं असतं आणि ते चूक नाही, त्यामुळे ते बदलायच्या मागे लागू नका. शाळेत, पासपोर्टाच्या वेळी, दहावीच्या फॉर्मवर प्रश्न येईल तेव्हा दोन्ही नावं एकाच व्यक्तीची असल्याचं प्रतिज्ञापत्र आणि डिक्रीची झेरॉक्स पुरते. त्यांचा एक संच मुलांच्या दाखल्यांच्या फाइलमध्येच लावून ठेवा.