सामाईक खर्चाच्या बिलावर हरकत कशी घ्यावी

सरकारी मालकाच्या व्यापारी संकुलात गाळा भाड्याने असला की भाड्याच्या पावतीखाली आणखी एक ओळ येते: 'सामाईक खर्च'. जिन्यातले दिवे, पाण्याची मोटर, झाडलोट, रखवालदार, सगळे त्या एका आकड्यात. आपण जाऊन विचारतो, "एवढं कसं?" टेबलावरचा माणूस म्हणतो, "वरनं आलंय बघा." विषय संपला. मीही सांगलीत दोन वर्षं हेच केलं. कुठल्या संकुलात ते सांगत नाही, पण चुकीचा प्रश्न विचारत होतो एवढं नक्की. विचारायचं ते असं: कितीने भागलं?

आमच्या इमारतीत 24 गाळे, त्यातले 7 बंद. सामाईक मीटरचं बिल 6,120 रुपये. ते 17 जणांत वाटलं, म्हणून प्रत्येकी 360. चोवीसने भागलं तर 255 होतात. रिकामे गाळे मालकाचे, त्यांचा वाटा मात्र आमच्या खिशातून. तेव्हा भांडणाआधी एका सकाळी वही घेऊन सगळे मजले फिरा. उघडे, बंद, गोदाम म्हणून वापरलेले, सगळे मोजा. सामाईक मीटरच्या पेटीजवळही जा. महावितरणचा बारा आकडी ग्राहक क्रमांक पेटीवर किंवा जुन्या बिलावर सापडला, तर बिलिंग युनिटचा क्रमांक घालून मूळ बिल महावितरणच्या संकेतस्थळावर घरबसल्या पाहता येतं.

मग करारनामा काढा. 'वीज-पाणी भाडेकरूने भरावे' एवढंच लिहिलेलं असेल तर ते तुमच्या गाळ्याच्या मीटरचं. जिन्याचा दिवा त्यात आपोआप येत नाही, असा मुद्दा मांडता येतो. दुरुस्तीचं कलम नीट वाचा. 2019 च्या पुरात तळमजल्यावरची मोटर बुडाली, तिचा खर्च आम्हाला 'देखभाल' म्हणून लावला होता. रोजची देखभाल वेगळी आणि मालकाच्या यंत्राची नवी खरेदी वेगळी.

हिशेब तोंडी मागू नका. माहिती अधिकारात अर्ज करा: सामाईक मीटरची बारा महिन्यांची बिलं, सफाई ठेक्याचा कार्यादेश आणि वाटणीचा तक्ता. 10 रुपयांचं कोर्ट फी तिकीट लावा, विषय एकच ठेवा, मजकूर दीडशे शब्दांत बसवा. अर्ज व्यक्तीच्या नावाने करा, गाळेधारक संघटनेच्या लेटरहेडवर नको. तेवढ्यावरून परत येतो. तीस दिवसांत उत्तर नाही आलं तर पुढच्या तीस दिवसांत पहिलं अपील.

कागद हातात आले की हरकतीचं पत्र. अर्ध्या पानाचं पुरे: "गाळा क्रमांक अमुक. सामाईक वीजखर्च 24 ऐवजी 17 ने भागल्याने दरमहा 105 रुपये जादा आकारले आहेत. आकारणी दुरुस्त करून जादा रक्कम पुढील बिलात वळती करावी." अन्याय, पिळवणूक हे शब्द गाळा. दुसऱ्या प्रतीवर आवक क्रमांक आणि शिक्का घेतल्याशिवाय जागचे हलू नका. घेत नसतील तर स्पीड पोस्ट.

आता सगळ्यात महत्त्वाचं. भाडं थांबवू नका. राग सामाईक खर्चाचा आणि थकवलं भाडं, ही चूक भलेभले करतात. महापालिकेच्या जागेचं भाडं थकलं तर गाळा खाली करवून घेण्याचा अधिकार आयुक्तांना कायद्यानेच आहे. आणि 1999 चा भाडे नियंत्रण कायदा सरकार किंवा स्थानिक प्राधिकरणाच्या जागांना लागूच नाही, त्यामुळे तो आधार धरून बसू नका. भाडं वेळेवर भरा, सामाईक खर्चाची वादातली रक्कम भरावीच लागली तर 'हरकत राखून' असं लिहून भरा.

दाद नाही लागली तर लोकशाही दिन आहे, म्हणजे अधिकाऱ्यांसमोर थेट तक्रार मांडायचा दिवस. जिल्हाधिकारी कार्यालयात आणि महापालिकेत महिन्याच्या पहिल्या सोमवारी असतो. अर्ज पंधरा दिवस आधी द्यावा लागतो. 'आपले सरकार' या राज्य सरकारच्या संकेतस्थळावरही तक्रार टाका. दिवाणी दाव्याची वेळ आलीच तर पालिकेला आधी एक महिन्याची लेखी नोटीस लागते, आणि दाव्याची मुदतही थोडी असते, म्हणून वकिलाकडे उशिरा जाऊ नका.

आमचं बिल चौथ्या महिन्यात 255 वर आलं. मागच्या अकरा महिन्यांचे 1,155 रुपये अजून वळते व्हायचेत. त्याचं दुसरं पत्र गेल्या मंगळवारी दिलं, आवक क्रमांक घेऊन.