बाबांच्या ग्रॅच्युइटीचा माझा अनुभव

बाबा 2019 मध्ये कापसाच्या जिनिंगमधून रिटायर झाले, 22 वर्षं फिटर होते अन् हातात काय तर नारळ अन् शाल. ग्रॅच्युइटी, म्हणजे नोकरी सोडताना मालकानं द्यायची एकरकमी रक्कम, मागितली की मॅनेजर म्हणे, "तुमचं काम सीझनचं व्हय, दर सीझनले सात दिवसाच्या पगाराच्या हिशोबानं भेटन." पण सात दिवसाचा नियम फक्त सीझनपुरतं काम करणाऱ्याले आहे, बाबा तर उन्हाळ्यातही मशिना खोलून ग्रीस भरत होते!

मग आईनं पेटी उघडली, कापसाच्या धुळीनं पिवळे पडलेले हजेरीकार्ड निघाले, मे-जूनचेही, म्हणजे बारमाही कामाचा पुरावाच, त्यावरच सगळं फिरलं. हिशोब सोपा होता, शेवटचा बेसिक (मूळ पगार) अधिक डीए (महागाई भत्ता), गुणिले 15, भागिले 26, गुणिले वर्षं. बाबांचे 10,400 होते म्हणजे 1,32,000 रुपये. आधी मालकाले फॉर्म आय (ग्रॅच्युइटी मागायचा अर्ज) रजिस्टर पोस्टानं पाठवला, पावती जपून ठेवली, 30 दिवसात पैसे नाही आले म्हणून तेव्हाच्या 1972 च्या ग्रॅच्युइटी कायद्याखाली फॉर्म एन (सरकारी अधिकाऱ्याकडं करायचा अर्ज) भरला. याले तेव्हा 90 दिवसाची मुदत होती, उशीर झाला तर खरं कारण लिहून माफीचा अर्ज जोडा, घाबरून घरी बसू नका. तारखा लई पडल्या, पण शेवटी व्याजासकट पैसे बाबांच्या खात्यात आले.

ज्यांचे अडकले असतील त्यांनी जुने कार्ड, पगारपावत्या रद्दीत देऊ नका बाप्पा.